वाईनरीची मार्गदर्शित भेट आणि चवपरीक्षण : पुणे-नाशिक परिसराच्या संदर्भात

प्रास्ताविक

मार्गशीर्ष-पौषात ज्वारीचे कणीस दुधाळ झाले म्हणजे पुण्यातील कुटुंबे हुरडा खाण्यासाठी आसपासच्या शिवारांत जातात. आगटीत भाजलेले कणीस, हातावर मळून पुढे केलेला गरम हुरडा, सोबत चटणी व गूळ असा हा बेत असतो. हुरडा कसा खावा, हे पाहुण्यास कोणी समजावून सांगत नाही. दाणा कोवळा आहे की निबर झाला आहे, हे त्याची जीभच त्याला सांगते. याच सुमारास, म्हणजे जानेवारीपासून, नाशिक, पुणे, सोलापूर व सांगली या जिल्ह्यांत वाईनच्या द्राक्षांची काढणी सुरू होते आणि तेथेही शहरातून पाहुणे येतात. परंतु या पाहुण्यांपैकी बहुतेकांच्या घरात वाईनची परंपरा नसते. पुढ्यातील पेल्यात काय आहे, ते कशापासून व कसे झाले, चांगले कशास म्हणावे, यांपैकी काहीही त्यांनी वडीलधाऱ्यांकडून ऐकलेले नसते. त्यामुळे हुरड्याच्या शेतावर अनावश्यक असलेला मार्गदर्शक वाईनरीत अपरिहार्य ठरतो.

या मार्गदर्शित भेटीकडे सामान्यतः पर्यटनाचा एक रंजक प्रकार म्हणून पाहिले जाते. वस्तुतः महाराष्ट्रातील वाईन उद्योगाच्या दृष्टीने ती ग्राहक घडविणारी शाळा आहे, आणि द्राक्ष पिकविणाऱ्या शेतकऱ्याचे हित या शाळेतील शिकवणीशी निगडित आहे. ही शिकवण कशी दिली जाते, कोठे अपुरी पडते आणि जपानमधील साके-मद्यशाळांच्या अनुभवातून तिला काय घेता येईल, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

पार्श्वभूमी

पुणे-नाशिक मार्गावरील नारायणगाव येथे 1980 च्या दशकात श्यामराव चौगुले यांनी उभारलेल्या वाईनरीपासून या परिसरातील आधुनिक वाईननिर्मितीचा आरंभ मानला जातो. फ्रान्समधील शँपेनच्या पद्धतीने, म्हणजे बाटलीतच दुसरे किण्वन घडवून तयार केलेली तेथील फेसाळ वाईन ‘ओमर खय्याम’ या नावाने परदेशात गेली. द्राक्ष हे टोपलीत भरून विकण्याचेच फळ, असा समज असलेल्या जुन्नर तालुक्यात ही घटना लहान नव्हती. त्यानंतर अमेरिकेतून परतलेल्या राजीव सामंत यांनी नाशिकजवळ गंगापूर धरणाच्या परिसरात वाईनची द्राक्षे लावली आणि 2000 मध्ये ‘सुला’ची पहिली वाईन बाजारात आली. 2001 मध्ये राज्य शासनाने द्राक्षप्रक्रिया उद्योगाचे धोरण जाहीर करून उत्पादन शुल्कात सवलत दिली. नाशिक जिल्ह्यात विंचूर व सांगली जिल्ह्यात पलूस येथे वाईन पार्क स्थापन झाले. पुढील काही वर्षांत सोलापूर जिल्ह्यात अकलूजजवळ ‘फ्रातेल्ली’ व पुणे जिल्ह्यात दौंड तालुक्यातील रोटी येथे ‘फोर सीझन्स’ अशा मोठ्या वाईनरी उभ्या राहिल्या.

या धोरणाने उत्पादन करणाऱ्याची सोय केली, पिणाऱ्याचा विचार मात्र फारसा झाला नाही. 2008-09 मध्ये जागतिक मंदी आली आणि मुंबईवरील दहशतवादी हल्ल्यानंतर हॉटेलांतील मागणी घसरली, तेव्हा हे उणेपण उघडे पडले. टाक्यांत वाईन पडून राहिली, नव्या द्राक्षास गिऱ्हाईक उरले नाही, काही ठिकाणी शेतकऱ्यांची देणी थकली. टेबल द्राक्ष विकले गेले नाही तर त्याचा बेदाणा करून तासगावच्या बाजारात नेता येतो. वाईनच्या द्राक्षाचे तसे नसते. मणी लहान, साल जाड आणि आत बिया, त्यामुळे हातगाडीवर त्यास कोणी विचारत नाही. नाशिक जिल्ह्यातील अनेक शेतकऱ्यांनी त्या काळात वाईनच्या बागा उपटून पुन्हा टेबल द्राक्षे लावली. नारायणगावची आद्य वाईनरीही याच काळात आर्थिक अडचणीत सापडून पुढे बंद पडली.

‘सुला’ने 2005 मध्येच आपल्या आवारात टेस्टिंग रूम सुरू केली होती आणि 2010 मध्ये तेथे निवासाची सोयही केली. आज तेथे वर्षाला लाखोंच्या संख्येने पर्यटक जातात. केवळ टेस्टिंग रूममुळे ही वाईनरी तरली असे म्हणणे धाडसाचे होईल, कारण भांडवल, वितरण व व्यवस्थापन यांचाही त्यात वाटा आहे. तथापि दूरचित्रवाणीवर मद्याच्या जाहिरातीस बंदी असलेल्या देशात उत्पादकाला आपल्या मालाची ओळख करून देण्याचे मार्ग थोडेच उरतात. त्यांपैकी स्वतःच्या अंगणात बोलावून चव देणे हा सर्वांत सरळ मार्ग होय.

भेटीचे स्वरूप

वाईनरीची सर्वसाधारण भेट अर्ध्या ते एक तासाची असते. आरंभ बागेच्या कडेला होतो. तेथून पाहुण्यांना द्राक्षे उतरविण्याच्या ठिकाणी नेतात. उन्हाने फळ तापू नये म्हणून काढणी पहाटे वा सकाळी लवकर उरकतात. क्रेटमधील घडांतून पाने व खराब मणी वेचून काढल्यानंतर देठ वेगळे करणारे यंत्र मणी मोकळे करते. येथेच पांढऱ्या व लाल वाईनच्या वाटा वेगळ्या होतात. पांढऱ्या वाईनसाठी मणी दाबून केवळ रस घेतला जातो आणि साल बाजूला पडते. लाल वाईनसाठी मात्र रस सालीसकट आंबवतात. द्राक्षाचा रंग सालीत असतो, गरात क्वचितच असतो, ही साधी गोष्ट कित्येक पाहुण्यांना येथे प्रथम कळते आणि काळ्या द्राक्षापासूनही पांढरी वाईन होऊ शकते याचे त्यांना नवल वाटते.

पुढे स्टीलच्या उंच टाक्या लागतात. यीस्ट रसातील साखर खाऊन तिचे अल्कोहोल व कार्बन डायऑक्साइड करते. या क्रियेत उष्णता निर्माण होते. ती आवरली नाही तर फळाचा सुवास उडून जातो. म्हणून टाकीभोवती थंड द्रव खेळविणारे आवरण असते. पांढऱ्या वाईनचे तापमान साधारण 12 ते 16 अंश सेल्सिअसच्या दरम्यान राखतात, लाल वाईनचे त्याहून बरेच अधिक असते. महाराष्ट्रासारख्या उष्ण प्रदेशात ही शीतयंत्रणा हाच वाईनरीचा प्राण होय आणि विजेचे बिल हा तिचा मोठा खर्च होय. हे सहसा पर्यटकांना सांगितले जात नाही. सांगितले तर बाटलीच्या किमतीविषयीच्या त्यांच्या अर्ध्या शंका फिटतील. टाक्यांनंतर ओकच्या लाकडी पिंपांचे तळघर येते. तेथील गारवा, मंद उजेड व लाकडाचा वास यांमुळे भेटीतील सर्वाधिक छायाचित्रे येथेच निघतात.

काही ठिकाणी हंगामात पायांनी द्राक्षे तुडविण्याचा खेळ असतो. तो निव्वळ खेळच असतो. बाटलीतील वाईनचा त्याच्याशी संबंध नसतो.

चवपरीक्षण व भाषा

भेटीच्या अखेरीस चार ते सहा वाईन थोड्याथोड्या प्रमाणात दिल्या जातात. क्रम ठरलेला असतो. आधी फेसाळ व पांढरी, मग गुलाबी, नंतर लाल आणि शेवटी गोड. तीव्र चवीनंतर सौम्य चव लागत नाही, हे त्यामागचे कारण. पेला दांडीने धरावा, कारण तळव्याच्या उबेने वाईन तापते. रंग पाहावा, पेला गोल फिरवून वास मोकळा करावा, हुंगावे, मग लहान घोट घेऊन तो तोंडात खेळवावा. व्यावसायिक परीक्षक घोट गिळत नाहीत, थुंकतात. त्यासाठी मेजावर पात्र ठेवलेले असते. विड्याच्या निमित्ताने मराठी घराला पिकदाणी पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक असली, तरी वाईनरीतील हे पात्र बहुधा कोरडेच राहते. पैसे मोजून घेतलेली वस्तू थुंकणे पाहुण्याच्या मनास पटत नाही, आणि मार्गदर्शकही आग्रह धरत नाही. वस्तुतः चवपरीक्षण व मद्यपान यांतील भेद दाखविण्याची याहून चांगली संधी दुसरी नाही.

अधिक गंभीर प्रश्न भाषेचा आहे. मार्गदर्शन बहुधा इंग्रजीत, क्वचित हिंदीत होते. वासांची वर्णने पाश्चात्त्य परिभाषेतून जशीच्या तशी येतात. सोव्हिन्यों ब्लांक या वाईनला गूजबेरीचा वास असतो, असे सांगितले जाते. ज्याने युरोपातील ते फळ पाहिलेले नाही, तो ‘गूजबेरी म्हणजे आवळा’ अशी समजूत करून घेतो आणि पेल्यात आवळा शोधू लागतो. आवळ्याचा तुरटपणा त्यात नसतो. पाहुणा मग आपल्यालाच काही कळत नाही असे मानून गप्प बसतो. त्याच पेल्याविषयी ‘नुकतीच चिरलेली हिरवी ढोबळी मिरची आणि अर्धवट पिकलेला पेरू’ असे सांगितले, तर ओळख तत्काळ पटते.

मराठी भाषा या बाबतीत दरिद्री नाही. तांदूळ शिजत असतानाच्या वासावरून आंबेमोहोर ओळखणारा पुणेकर आणि देठाजवळ हुंगून हापूसचा पाड सांगणारा कोकणी माणूस चवपरीक्षणच करीत असतात. लाल वाईनमधील टॅनिनमुळे जिभेवर जे घडते, त्यास कच्चे केळे वा सुपारी खाणारा प्रत्येक जण तुरटपणा म्हणून ओळखतो. सुवास, दरवळ, घमघमाट, दर्प, उग्र, कुबट, खवट या शब्दांच्या छटा इतक्या बारीक आहेत की बिघडलेल्या बुचाच्या वाईनला ‘कुबट’ म्हटल्यावर आणखी काही सांगण्याची गरज उरत नाही. द्राक्ष पिकविणाऱ्याची भाषा तर याहून नेमकी आहे. ‘मण्यात साखर उतरली’ या तीन शब्दांत पक्वतेचा सारा विचार सामावलेला आहे. ही भाषा बागेत आहे, परंतु बागेपासून हाकेच्या अंतरावर असलेल्या टेस्टिंग रूमपर्यंत ती पोहोचत नाही. परिणामी, मार्गदर्शक म्हणून काम करणाऱ्या स्थानिक तरुणांना आपल्या घरी जे माहीत आहे ते बाजूला ठेवून पाठ केलेले बोलावे लागते.

जपानमधील साके-मद्यशाळा

तुलनेसाठी जपान निवडण्याचे कारण आहे. सिंहगड रस्त्यावरील पु. ल. देशपांडे उद्यान हे पुणे व जपानमधील ओकायामा यांच्या मैत्रीचे प्रतीक म्हणून 2006 मध्ये साकारले. हा ओकायामा प्रांत साकेसाठी नावाजलेल्या ‘ओमाची’ या जुन्या भातवाणाचे माहेर आहे. उद्यानात फिरणाऱ्या पुणेकरास हे सहसा ठाऊक नसते.

साके तांदळापासून होते. तांदळात द्राक्षाप्रमाणे तयार साखर नसते, पिष्ट असते. म्हणून वाफवलेल्या तांदळावर कोजी नावाची बुरशी वाढवितात. ती पिष्टाची साखर करते आणि त्याच टाकीत यीस्ट त्या साखरेचे अल्कोहोल करते. दोन्ही क्रिया एकाच वेळी चालतात, हे साकेचे वैशिष्ट्य होय. तांदळाचा दाणा बाहेरून घासून लहान केला जातो. ‘दाइगिंजो’ या उंची प्रकारात दाण्याचा निम्मा वा त्याहून कमी भाग शिल्लक ठेवतात. मद्यशाळेच्या भेटीत न घासलेला व घासलेला तांदूळ शेजारी शेजारी ठेवून दाखवितात. एका दृष्टिक्षेपात पाहुण्यास किमतीचे कारण समजते.

क्योतोमधील फुशिमी, कोबेजवळील नादा आणि हिरोशिमा प्रांतातील साइजो ही साकेची प्रसिद्ध ठिकाणे आहेत. फुशिमी येथे 1637 मध्ये स्थापन झालेल्या गेक्केइकान या मद्यशाळेने 1982 मध्ये आपल्या जुन्या इमारतीत संग्रहालय उघडले. लाकडी पिंपे व अवजारे पाहून झाल्यावर तेथे साके चाखण्यास मिळते. मद्यशाळेच्या दाराशी देवदाराच्या डहाळ्यांचा गोळा टांगलेला असतो. नवी साके तयार झाली की तो हिरवा टांगतात. तो वाळून तपकिरी होत जातो तशी आतील साके मुरत जाते, असे मार्गदर्शक सांगतो. भेटीला येण्यापूर्वी नात्तो हा आंबवलेल्या सोयाबीनचा पदार्थ खाऊ नये, अशी सूचना अनेक मद्यशाळा देतात, कारण त्यातील जिवाणू कोजीच्या खोलीत शिरले तर सारे काम बिघडते. सूचना साधी आहे, परंतु आपण जिवंत प्रक्रियेच्या घरात जात आहोत याचे भान ती पाहुण्यास दारातच देते. वाहन चालविणाऱ्यास चव दिली जात नाही. मद्यपी चालकाबरोबर जाणून प्रवास करणारा व त्यास मद्य देणारा हेही जपानच्या कायद्यानुसार दोषी ठरतात.

जपानी मद्यशाळांनी पर्यटकांसाठी दारे उघडली ती केवळ अगत्याने नव्हे. तेथील साकेचा खप 1970 च्या दशकाच्या पूर्वार्धात शिखरास पोहोचला आणि त्यानंतर घटत जाऊन आज एक तृतीयांशाहूनही कमी झाला आहे. तरुण पिढी बिअर व अन्य पेयांकडे वळली. परदेशी पर्यटकाने मद्यशाळेतच खरेदी करावी म्हणून शासनाने 2017 पासून मद्यकरात सूट दिली. कोजीच्या साहाय्याने साके करण्याच्या पारंपरिक कौशल्याचा डिसेंबर 2024 मध्ये युनेस्कोच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत समावेश झाला. सागा प्रांतातील काशिमा या लहान गावाचे उदाहरण विशेष बोलके आहे. तेथील ‘नाबेशिमा’ या साकेला 2011 मध्ये लंडनच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत सर्वोच्च मान मिळाला. तो मान एकट्याने न मिरवता गावातील मद्यशाळांनी एकत्र येऊन पर्यटनाची संयुक्त योजना आखली. पाहुणा एका मद्यशाळेसाठी येतो, परंतु गाव पाहून जातो.

म्हणजे जपानमध्ये विसरली जात असलेली परंपरा आठवून देण्याचे काम ही भेट करते, तर महाराष्ट्रात नसलेली परंपरा घडविण्याचे. दुसरे काम अधिक कठीण आहे. असे असूनही नाशिक परिसरातील वाईनरी प्रामुख्याने आपापल्या आवारापुरता विचार करतात. ‘नाशिक व्हॅली वाईन’ला भौगोलिक उपदर्शन मिळालेले आहे, परंतु त्याचा अर्थ पाहुण्यास समजावून सांगणारी, गंगापूर, दिंडोरी व इगतपुरीच्या वाईनरींना एका सूत्रात गुंफणारी भेट सहज आढळत नाही. पुण्याकडे साधने याहून वेगळी आहेत. मांजरी येथे राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्र आहे. आघारकर संशोधन संस्थेने रसासाठी व लाल वाईनसाठी उपयुक्त असा ‘एआरआय-516’ हा संकरित वाण विकसित केला आहे. अकलूजची वा रोटीची वाट धरण्यापूर्वी पर्यटकास या कामाची ओळख करून देता आली, तर त्या भेटीस ज्ञानाचे अधिष्ठान लाभेल.

कायदा आणि समाज

महाराष्ट्रात मद्यविषयक व्यवहार 1949 च्या दारूबंदी कायद्याखाली चालतो. परवाना हा तेथे अपवाद म्हणून दिला जातो. राज्यघटनेचे अनुच्छेद 47 मादक पेयांवर बंदी आणण्याचा प्रयत्न राज्याने करावा, असे सांगते. ग्रामीण भागात निम्म्याहून अधिक महिला मतदारांनी ‘आडव्या बाटली’च्या बाजूने मत दिले तर गावातील दारूचे दुकान बंद होते. या मतदानामागे दारूने उद्‌ध्वस्त झालेल्या संसारांचा अनुभव आहे. जानेवारी 2022 मध्ये मोठ्या किराणा दुकानांत वाईन विक्रीस परवानगी देण्याचा निर्णय मंत्रिमंडळाने घेतला, तेव्हा शेतकऱ्याचे हित हे कारण पुढे करण्यात आले. त्यास तीव्र विरोध झाला आणि निर्णय अमलात आला नाही. वाईन म्हणजे दारू नव्हे, असा युक्तिवाद त्या वेळी वारंवार केला गेला. तो टिकणारा नाही. वाईनमध्ये साधारणतः 12 ते 14 टक्के अल्कोहोल असते, आणि ते शरीरात अन्य मद्यातील अल्कोहोलप्रमाणेच वागते. टेस्टिंग रूममध्ये हे स्पष्टपणे सांगितले गेले पाहिजे. चवीच्या नावाखाली ते झाकले गेले तर आडव्या बाटलीला मत देणाऱ्या स्त्रीचा संशय खराच ठरेल.

परतीच्या प्रवासाचा प्रश्नही असाच दुर्लक्षिला जातो. मोटार वाहन कायद्याच्या कलम 185 नुसार 100 मिलिलिटर रक्तात 30 मिलिग्रॅमपेक्षा अधिक अल्कोहोल आढळल्यास चालक दोषी ठरतो. सहा प्रकारच्या वाईन चाखून, त्यावर आणखी एक पेला घेऊन पुण्याच्या वा कसाऱ्याच्या वाटेला लागणारा पर्यटक ही मर्यादा सहज ओलांडू शकतो. चालकाला चव न देता त्याच्या वाट्याची लहान बाटली घरी नेण्यास देणे, वा रेल्वे स्थानकापासून वाहनाची सोय करणे, हे उपाय फार खर्चिक नाहीत.

राहिला शेतकरी. 2020 मध्ये राज्याने कृषी पर्यटन धोरण जाहीर केले, आणि त्याआधीपासून बारामती परिसरात शेतावरील पर्यटनाचे प्रयोग झालेले आहेत. वाईनरीची भेट मात्र सामान्यतः कंपनीच्या आवारातच सुरू होऊन तेथेच संपते. कराराने द्राक्षे पुरविणाऱ्या शेतकऱ्याची बाग, डॉगरीज खुंटावर केलेले कलम, भुरी व केवड्याशी चाललेला त्याचा झगडा, अवकाळी पावसाची धास्ती, भाव ठरविण्यासाठी तपासली जाणारी मण्यातील साखर, यांतील काहीही पाहुण्याच्या नजरेस पडत नाही. पर्यटकांची गर्दी काढणीच्या दिवसांत असते. एप्रिलमध्ये खरड छाटणी होते, वेली उघड्याबोडक्या दिसतात, आणि तेव्हा बागेत न्यावे असे कोणास वाटत नाही. परंतु खरड छाटणीनंतरच्या साधारण चाळीस ते साठ दिवसांत नव्या काडीच्या डोळ्यांत पुढील हंगामाचे सूक्ष्म घड तयार होतात. ऑक्टोबरच्या छाटणीनंतर बाहेर येणारे पीक त्या उन्हाळ्यातच ठरलेले असते. त्याच दिवसांत सरत्या हंगामाची पांढरी वाईन टाकीत निवळून चाखण्याजोगी झालेली असते. त्या वेळी आलेल्या पाहुण्यास एका हातात या वर्षीच्या द्राक्षाचा पेला देऊन दुसऱ्या हाताने पुढच्या वर्षीची काडी दाखविता येते, आणि ती काडी दाखविण्यास बागेचा मालक हाच योग्य मार्गदर्शक असतो.